पहिल्या रांगेतलं पीच

पडद्यावर ते पीच दिसलं तेव्हा इन-ओकच्या तोंडात भाताचा घास होता, आणि तो गिळायचं तिला सुचेना. 'थोरली सून परत येते' ही मालिका सोमवार ते शुक्रवार साडेसातला लागे, आणि बुचोनमधल्या त्या चौथ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत साडेसात ते आठ या वेळात दुसरं काही घडायची सोय नव्हती. सासूबाई टीव्हीपासून हातभर अंतरावर मांडी घालून बसायच्या आणि त्यांच्या पाठीमागे बुटक्या टेबलाशी इन-ओक जेवायची. मालिकेत रंगाचे कारखाने असलेलं एक बडं घराणं होतं. त्यातला म्हातारा अध्यक्ष विषाने मेला की वयाने, याचा पत्ता साठ भाग झाले तरी लागत नव्हता. ज्या थोरल्या सुनेवर आळ घेऊन त्या घराने तिला हाकललं होतं, ती केस कापून, नाव बदलून, धाकट्या दिराची सेक्रेटरी म्हणून त्याच घरात सूड घ्यायला शिरली होती. केस कापले की सासूलाही सून ओळखू येत नाही, हे मालिकावाल्यांचं शास्त्र सेटवर जेवणं मांडायच्या चौदा वर्षांच्या नोकरीत इन-ओकला इतकं अंगवळणी पडलं होतं की त्यावर हसायचंही ती विसरली होती. आज त्या अध्यक्षाचं श्राद्ध होतं. काळे सूट, पांढरी फुलं, मेलेल्याच्या नावाचा कागद. कॅमेरा मेणबत्तीवरून खाली उतरला आणि मांडणीवरून सरकू लागला. मासा, सुकं मांस, भाज्या, मग सगळ्यांत पुढची फळांची रांग. सुकी बोरं, चेस्टनट, नाशपाती, सफरचंदं, आणि सफरचंदांच्या शेजारी, रांगेच्या टोकाला, एक पीच. टपोरं, गुलाबी, एकटंच. ही मांडणी आठ दिवसांपूर्वी पाजूच्या स्टुडिओत खुद्द इन-ओकने केली होती.

"हे कोणी मांडलं?" सासूबाईंनी मान न वळवता विचारलं.

"काय, आई?"

"काय म्हणजे? डोळ्यांनी मला कमी दिसतं, तुला नाही. श्राद्धात पीच कोणी ठेवलं?"

इन-ओकने घास कसाबसा गिळला. "मालिका आहे ती, आई. खोटं श्राद्ध."

"तू तिथंच मांडायला जातेस ना?"

"जाते."

"मग?" एवढं म्हणून सासूबाई पडद्याकडेच बघत राहिल्या. पडद्यावर पीच कधीच निघून गेलं होतं आणि धाकटी सून खोटं खोटं रडत होती.

पीचला भुतं घाबरतात हे पोराटोरांनाही ठाऊक असतं. अंगात शिरलेलं काढायला पीचच्याच फांदीने झोडपतात. मेलेला नवरा किंवा बाप कितीही आपला असला तरी मेल्यावर तोही त्याच जातीत मोडतो, म्हणून श्राद्धाला लोक सगळं मांडतील, पण पीच नाही. ते दिसलं तर बिचारा जिन्यातूनच परत जायचा. इन-ओकला हे शाळेतल्या कवितेसारखं पाठ होतं. लाल फळं पूर्वेला, पांढरी पश्चिमेला, भात डावीकडे, रस्सा उजवीकडे. सेटवरच्या श्राद्धात मेलेलं कोणी नसतं तरी ती हे सगळं इतकं काटेकोर करायची की दिग्दर्शक चू तिची थट्टा करायचे, "ताई, तुमची मांडणी बघून एक दिवस खरंच कोणीतरी जेवायला येऊन बसेल." आणि आता ती भांडी घासत असताना त्याच चू यांचा फोन आला.

"ताई, घात झाला. लोकांनी वाहिनीच्या वेबसाइटवर नुसता धुमाकूळ घातलाय. पितरांचा अपमान म्हणे. एक जण लिहितोय, या लोकांना आईबाप आहेत का! ते पीच कोणी ठेवलं?"

"मीच ठेवलं असेल," इन-ओक म्हणाली.

"असेल? असेल म्हणजे काय, ताई? तुम्ही?"

नळ चालू होता, तो तिने बंद केला, मग पुन्हा चालू केला. चू म्हणाले, सकाळी बघू, आणि त्यांनी फोन ठेवला. असेल म्हणजे काय हा प्रश्न मात्र तिच्याकडेच राहिला.

ती सकाळ आठवायचा तिने प्रयत्न केला. पटकथेची पानं नेहमीसारखी पहाटे सहाला आली होती. या मालिकेत पुढे काय होणार हे लेखिका मेंग मॅडमना सोडून कोणाला ठाऊक नसतं, आणि कधी कधी त्यांनाही नसतं. आदल्या रात्री लिहिलेली पानं सकाळी वाटतात आणि दुपारी शूटिंग होतं. त्या दिवशी दोन टेबलं होती. एक श्राद्धाचं, दुसरं धाकट्या सुनेच्या न्याहारीचं. न्याहारीत ती पीचच्या फोडी छोट्या काट्याने टोचून खाते आणि नवऱ्याला टोमणे मारते, असं पानात लिहिलं होतं. म्हणून जोचिवोन गावच्या पीचची पेटी आली होती आणि ती इन-ओकच्या पायाशी उघडी होती. सफरचंदांची, नाशपातींची डोकी तिने श्राद्धाला कापतात तशी कापली, हे आठवलं. रांग लावली, हेही आठवलं. मग हात पुसले. पण या दोन गोष्टींच्या मध्ये काही नव्हतं, एखादं पान गळून पडावं तसं. तिने मोबाइल काढला. पुढच्या शूटिंगला मांडणी तशीच जुळावी म्हणून प्रत्येक टेबलाचा फोटो काढून ठेवायची तिची शिस्त होती. त्या फोटोत, तिने स्वतः काढलेल्या फोटोत, पीच होतं. बाकी फळांची डोकी कापलेली होती, पीच तेवढं अख्खं होतं. म्हणजे चुकून आलेलं नव्हतं. चुकून आलं असतं तर तेही इतरांसारखं कापलं गेलं असतं. का नसतं? का उलट, चुकून आलं म्हणूनच कापायचं राहिलं? ती फोटो मोठा करून बघत राहिली. जितका मोठा करावा तितकं पीच धूसर होत गेलं.

तिचा नवरा ग्यु-सिक पीच अख्खंच खायचा. सोसाच्या पीचच्या बागांत तो वाढला. हल्ली जिथे नुसत्या इमारती आहेत तिथे त्याच्या बापाची बाग होती, आणि उन्हाळाभर त्या घरात अंथरुणापासून आंघोळीच्या पाण्यापर्यंत सगळ्याला पीचचा वास असायचा. पण त्यावरची लव त्याला सहन व्हायची नाही. ओठ सुजायचे, खाजवून खाजवून लाल व्हायचे. लहानपणी त्याची आई पीच पुसून द्यायची, लग्नानंतर इन-ओक द्यायची, अंगठ्याने गोल गोल घासून. मग तो सिंकवर वाकून उभा राहायचा आणि कोपरापर्यंत रस गाळत खायचा. पन्नाशीचा माणूस, पण पीच हातात आलं की तो त्या बागेतला उघडा पोरगा व्हायचा, आणि इन-ओकला त्याचा राग यायचा आणि तो आवडायचाही. शेवटच्या दिवशी ऑगस्टातली दुपार होती. खाली फळवाल्याचा ट्रक येऊन भोंग्यावरून ओरडत होता, गोड पीच, मऊ पीच. ग्यु-सिक म्हणाला, आईला आता एकटं ठेवायला नको, आपल्याकडे आणू. तो विचारत नव्हता, सांगत होता. इन-ओक म्हणाली, "त्या या दारातून आत आल्या तर मी बाहेर." एवढंच. जगात याहून वाईट वाईट बोलून लोक संध्याकाळी एका ताटात जेवतात. तो म्हणाला, बरं, पीच आणतो, आणि खाली गेला. भोंगा ओरडतच होता. ट्रकपाशी तो कोसळला तेव्हाही ओरडत होता, आणि इन-ओक अनवाणी चार मजले उतरून गेली तेव्हाही, गोड पीच, मऊ पीच. फळवाल्याला बिचाऱ्याला तो बंद करायचं भान नव्हतं. अंत्यविधीनंतर सासूबाई दोन गाठोडी घेऊन दारातून आत आल्या. इन-ओक बाहेर गेली नाही. कुठल्या तोंडाने जाणार होती?

तेव्हापासून अकरा ऑगस्ट झाले. दर वर्षी त्याचं श्राद्ध ती एकटी रांधते. मेलेल्याच्या आवडीचं ठेवायला हल्ली कोणाची ना नसते. समोरचे शेजारी बापापुढे तळलेली कोंबडी ठेवतात. इन-ओक पुडीतली दुधाची कॉफी ठेवायची, तळलेला माकूल ठेवायची. सगळा बाजार पीचने भरलेला असायचा, आणि ज्याला जन्मभर ते एकच फळ आवडलं त्याच्यापुढे तेवढंच ठेवायचं नाही. दार किलकिलं ठेवायचं, ते मिटू नये म्हणून फटीत ग्यु-सिकची घरात घालायची चप्पल अडकवायची. मग नमस्कार, मग दोघींनी वाट बघायची. आणि दर वर्षी सगळं आवरताना सासूबाई एकच वाक्य बोलायच्या, "आला नाही." त्यांना कसं कळायचं देव जाणे. इन-ओकला मात्र त्या दोन शब्दांनी दर वर्षी आपण काहीतरी चुकवलं असं वाटायचं, आणि काय ते कळायचं नाही. आता ते कळलं म्हणावं, तर चूक भलत्याच ठिकाणी झाली होती, खोट्या अध्यक्षाच्या श्राद्धात. किंवा झालीच नव्हती. आपण कुणाला दाराबाहेर ठेवत होतो? जो भांडणाचं उत्तर न देता मरून गेला आणि स्वतःची आई आपल्या गळ्यात बांधून गेला, त्याला? का त्याला आवडतं ते एकदा तरी, खोट्या ताटात का होईना, वाढून घेतलं? दोन्ही खरं वाटत होतं. दोन्ही खोटं वाटत होतं. हात आपले असतात, पण ते काय करतात हे विचारायला गेलं तर ते गप्प असतात.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी सकाळी, इन-ओक कामाला निघत असताना सासूबाईंनी बार्लीचा चहा समोर ठेवून सांगून टाकलं, "यंदापासून ग्यु-सिकचं धाकट्याकडे होईल. चोनानला. मी पण तिकडेच राहीन."

"आई! श्राद्ध पुढच्या शुक्रवारी आहे."

"मग काय झालं? ग्यु-बोम गुरुवारी गाडी घेऊन येतोय."

"त्यांच्याकडे रांधणार कोण?"

"कोणीही रांधेल. निदान माझ्या पोराला हाकलून तरी लावणार नाही. चौदा वर्षं खोटी श्राद्धं मांडून मांडून हात बिघडलाय तुझा. नाहीतर बिघडला नसेल. तेच बघतेय मी काल संध्याकाळपासून."

"आई, ती चूक होती."

"तुझ्याकडून? मुळ्याची फोड वाकडी झाली तर तू ती खाऊन टाकतेस आणि दुसरी कापतेस." सासूबाई चहा फुंकत राहिल्या. मग कपात बघूनच म्हणाल्या, "तुला मी नको होते, ठाऊक आहे मला. तेव्हापासून ठाऊक आहे. ट्रकपाशी उभा राहून माझ्याशीच बोलत होता तो फोनवर. 'आई, तिला थोडा वेळ दे,' म्हणाला. मग फळवाल्याला म्हणाला, मऊ बघून द्या. मग काहीच म्हणाला नाही." त्यांनी चहाचा घोट घेतला. "अकरा वर्षं वेळच देतेय मी तुला."

बुचोनहून पाजूपर्यंत बस बदलून दीड तास लागतो. त्या दीड तासात इन-ओकला एवढंच कळत होतं की तिला रडायला येतंय आणि ते बसमध्ये बरं दिसणार नाही. अकरा वर्षं जे गुपित तिने एकटीचं म्हणून जपलं, किमचीच्या बरणीमागे काही लपवावं तसं, ते दुसरी रोज बघत होती. रोज तिच्या हातचं जेवत होती. मग त्या गप्प का राहिल्या? आणि मग आत्ताच का बोलल्या? वाटेत तिने दिराला फोन केला. ग्यु-बोम ओशाळून म्हणाला, "वहिनी, आईपुढे माझं कधी काही चाललंय का? आणि आम्हाला कुठं येतंय ते सगळं. दुकानातून तयार ताट मागवू. डब्यांतून येतं, नुसतं काढून ठेवायचं."

"त्यांना कॉफी लागते. पुडीतली," इन-ओक म्हणाली.

"कोणाला?"

"तुमच्या भावाला."

"अच्छा, हो. ती ठेवू की," ग्यु-बोम म्हणाला. तो वाईट माणूस नव्हता. पण ग्यु-सिक आता पुठ्ठ्याच्या डब्यांतलं गार जेवण जेवायला, जिथे तो कधी राहिला नाही अशा घरी, कुणाच्या तरी विसाव्या मजल्यावर जाणार होता, आणि तिच्याकडे ऑगस्टातली ती एक संध्याकाळसुद्धा उरणार नव्हती. ज्या माणसाला आपण कदाचित दाराबाहेर ठेवलं, तो दुसऱ्याच्या दारी जातोय म्हटल्यावर एवढं पोटात का तुटावं, हेही तिला समजेना.

स्टुडिओत तिला वाटलं होतं, आज कामावरून काढतील. तर मेंग मॅडम, ज्या चौदा वर्षांत तिच्याशी 'नूडल्सवर अंडं नको' याच्या पलीकडे बोलल्या नव्हत्या, त्या दोन्ही हात पसरून समोर आल्या. "ताई, तुम्ही मला वीस भाग काढून दिलेत! पीच सेक्रेटरीने ठेवलं. थोरल्या सुनेने! स्वयंपाकघरात कोणी नसताना गेली आणि म्हाताऱ्याच्या श्राद्धात पीच ठेवून आली. मेल्यावरही याला या घरात पाऊल टाकू द्यायचं नाही! काय सूड आहे, सांगा! लोक बोंबलत होते ना, आता टाळ्या वाजवतील. पण मला एक सांगा, खरं सांगा हं. ठेवताना तुमच्या मनात काय होतं?"

"मला आठवत नाही, मॅडम."

"अय्या, अगदी बरोबर! तिलाही आठवत नाही असंच दाखवू."

सोमवारी ते दृश्य घ्यायचं ठरलं. थोरल्या सुनेचं काम करणाऱ्या सो-दामची नखं कुठल्याशा जाहिरातीसाठी मोरपिशी रंगवली होती आणि ती बुधवारपर्यंत काढता येणार नव्हती. तेव्हा चू म्हणाले, हात ताईंचाच घेऊ, जवळून दिसणार आहे, चेहऱ्याचं नंतर बघू. इन-ओकच्या हातावर काळी बाही चढवली. मनगटाजवळ तेल उडून भाजल्याचा जुना डाग होता, त्याला रंग फासला, तरी तो थोडा दिसत राहिला. समोर तीच मांडणी, तिनेच पुन्हा लावलेली, मोबाइलमधल्या फोटोबरहुकूम. फक्त टोकाची जागा रिकामी.

"ताई, हातात राग दाखवा," चू म्हणाले. "वीस वर्षांचा राग. चला."

इन-ओकने पीच उचललं. जड होतं, पिकलेलं. राग आणायचा म्हणून तिने भोंगा आठवला, अनवाणी उतरलेला जिना आठवला, दारात उभी असलेली दोन गाठोडी आठवली, आणि राग आलाही, चांगला आला, कानशिलं तापली. तिने हात पुढे नेला.

"थांबा, थांबा! ताई, हे काय करताय अंगठ्याने?"

तिने खाली पाहिलं. अंगठा पीचवर गोल गोल फिरत होता.

"लव काढतेय," ती म्हणाली.

"कशाला? खाणार कोण आहे? तो मेलाय, ताई!"

दिवेवाल्यांपासून सगळे हसले. तीही हसली. दुसऱ्या खेपेला तिने ठरवलं की अंगठा हलवायचा नाही. पीच टेबलावर टेकायच्या आधी तो हलला. तिसऱ्या खेपेलाही. चू कपाळाला हात लावणार, तेवढ्यात पडद्यामागून मेंग मॅडमचा आवाज आला, "राहू दे, राहू दे तसंच! अंगावर काटा येतोय. एवढ्या मायेने सूड घेणारी बाई मी जन्मात पाहिली नाही." आणि तेच घेतलं गेलं. घरी जाताना इन-ओकने बसमध्ये अंगठा नाकाशी नेला. त्याला अजून वास येत होता. त्यावरून काही कळत नव्हतं. वास काय, रागाने असो की मायेने, तोच आला असता.

बुधवारी साडेसातला सासूबाई नेहमीच्या जागी बसल्या. त्यांची बॅग भरून दाराशी ठेवलेली होती. उद्या सकाळी ग्यु-बोम येणार होता. पाच दिवस दोघी लागेल तेवढंच बोलल्या होत्या. भात वाढू का, वाढ. इन-ओकला त्यांना सांगायचं होतं की जाऊ नका, पण तिला भीती होती की त्यांनी 'का' विचारलं तर काय सांगायचं. तुमच्यासाठी? त्याच्यासाठी? संध्याकाळी साडेसातला या टीव्हीसमोर कोणीतरी बसलेलं असावं म्हणून? तेवढ्यात ढोल वाजू लागले. मालिकेत काही भयंकर व्हायचं असलं की हेच ढोल वाजतात. काळोख्या स्वयंपाकघरात काळी बाही दिसली, मग हात, मग पडदाभर पीच. ढोल वाढत गेले आणि अंगठा सावकाश, गोल गोल, फिरत राहिला. सासूबाई बसल्या जागेवरून पुढे सरकल्या, टीव्हीला नाक लागेल इतक्या पुढे. पीच रांगेच्या टोकाला टेकलं, सो-दामचा चेहरा आला, विजेसारखं काहीतरी चमकलं आणि जाहिरात लागली.

सासूबाईंनी आवाज बंद केला.

"हात तुझा होता."

"हो."

"डाग दिसला." त्यांनी रिमोट खाली ठेवला. "देठाच्या खळग्यात लव राहिली. तिथंच जास्त असते. ओठाला तीच लागते त्याच्या."

"आई, मी ते मुद्दाम ठेवलं होतं का, मला खरंच कळत नाही. खूप विचार केला. कळतच नाही."

"मी विचारलं का तुला?"

"नाही."

"अकरा वर्षं सगळं नियमाने मांडलंस. आला का तो?"

"नाही, आई."

"मग परवा एक ठेव. मऊ बघून आण. आणि ओल्या फडक्याने पूस, नुसत्या अंगठ्याने निघत नाही." सासूबाई गुडघ्यावर हात टेकून उठल्या, दाराशी गेल्या आणि वाकून बॅगेची चेन उघडली. कपड्यांच्या अगदी वर ग्यु-सिकची चप्पल होती. ती त्यांनी काढली, पदराने पुसावी तशी ब्लाउजच्या टोकाने पुसली, आणि उंबऱ्याजवळ जागच्या जागी ठेवून दिली.